सरेंडर केलेला प्लॉट, कापलेले पैसे अन् इनवर्डचा गोल शिक्का

पत्र असं आलंय (थोडं छाटून देतेय, संस्थेचं नाव मुद्दाम काढलंय):

नमस्कार ताई. मी अन् माझ्या साळ्याने मिळून २०१९ मधे नागपूरजवळ एका सरकारी संस्थेकडून ८०० चौरस मीटरचा प्लॉट लीजवर घेतला, संत्र्याच्या पल्पचं छोटं युनिट टाकायचं होतं. दर २,४०० रुपये, प्रीमियम (लीजसाठी एकरकमी भरायची किंमत) १९ लाख २० हजार, पूर्ण भरला. ताबा ऑगस्ट २०१९ ला मिळाला, तीन वर्षांत बांधकाम करायचं अशी अट. मग लॉकडाऊन लागला, बँकेने लोन नाकारलं, २०२१ पर्यंत प्लॉटपाशी पाण्याची लाइनच नव्हती. शेवटी ६ जून २०२२ ला सरेंडरचा, म्हणजे प्लॉट परत करायचा, अर्ज दिला. त्यावर चुप. डायरेक्ट ११ नोव्हेंबर २०२४ ला पत्र आलं, की प्रीमियमच्या २५ टक्के कपात ४,८०,०००, मुदतवाढ शुल्क २,१०,०००, सेवा शुल्क ३८,०००, हे सगळं जाऊन तुम्हाला ११,९२,००० मिळतील, व्याज नाही. सोबत स्टँप पेपरवर लिहून मागितलंय की 'माझी यापुढे कोणतीही मागणी राहणार नाही'. २५ टक्क्यांचा ठराव २०२३ चा आहे म्हणतात. आमचा प्लॉट दुसऱ्याला ३,९०० च्या दराने दिला असंही कानावर आलं. सासरे म्हणतात हायकोर्टात जा अन् पूर्ण पैसे व्याजासकट आणा. मामा रिटायर्ड हेडक्लर्क, ते म्हणतात मिळून राहिलं ते घे, सरकारशी कोणी जिंकतं का. साळा तर बोलूनच नाही राहिला. मी सही करू का?

अहो भाऊ, सही नका करू. बाकीचं चहा पिऊन वाचा पण हे आधी.

त्या स्टँप पेपरमधे दोन वेगवेगळ्या गोष्टी एकाच पुडीत बांधून दिल्या आहेत, एक म्हणजे ११,९२,००० घेणं अन् दुसरी म्हणजे उरलेल्या पैशावर पाणी सोडणं, आणि ऑफिसमधे खिडकीवर सांगतात असं की जणू दुसरी केल्याशिवाय पहिली होतच नाही. तुम्ही त्या सोडवा. साध्या कागदावर पत्र द्या, भाषा जड नको, एवढंच की 'आपल्या दि. ११/११/२०२४ च्या पत्रात मान्य केलेली रक्कम रु. ११,९२,०००/- मी उर्वरित रकमेबाबतचे सर्व हक्क राखून स्वीकारण्यास तयार आहे, कृपया ती खात्यात जमा करावी'. दोन प्रती, एक त्यांची, एक तुमची, तुमच्या प्रतीवर आवक म्हणजे इनवर्डचा शिक्का. आणि ईमेल पण करा. ते नाही म्हणतील बहुतेक, म्हणू द्या, पण लेखी म्हणू द्या. जे पैसे त्यांनी स्वतःच मान्य केले ते फक्त तुम्ही भांडायचा हक्क सोडत नाही म्हणून अडवून धरले, हे त्यांच्याच कागदावर आलं की पुढे जज साहेबांसमोर फार काही बोलावं लागत नाही.

आणि समजा घाईत सही झाली असती तरी सगळं संपलं असतं असं नाही, बोघारा पॉलिफॅबच्या केसमधे २००८ साली सुप्रीम कोर्टाने सांगितलंय की दबावाखाली घेतलेली 'फुल अँड फायनल'ची पावती म्हणजे शेवटचा शब्द नाही. पण मग दबाव होता हे तुम्हाला सिद्ध करत बसावं लागतं, पुरावा काय तर तुमचा शब्द. नागपूरच्या महाल भागातले एक काका माझ्याकडे आले होते, अशीच सही करून, मुलीच्या लग्नाची घाई होती म्हणून. त्यांची केस कपातीवर सुरूच नाही झाली, पहिली तीन वर्षं त्या सहीवरच गेली.

आता सासरेबुवांचं. त्यांना सांगा पूर्ण १९.२० लाख विसरा. वाईट वाटेल पण विसरा. तुमच्या अलॉटमेंट लेटरचा जो फोटो पाठवला तो मी मोठा करून वाचला, त्यात साफ लिहिलंय की वाटपग्राहीने भूखंड परत केल्यास इसारा रक्कम जप्त होईल, आणि इसारा म्हणजे ईएमडी तुम्ही १० टक्के भरली होती, १,९२,०००. यावर कायदा तुमच्या बाजूने नाही. हरियाणाच्या हुडा (तिथलं शहर विकास प्राधिकरण) विरुद्ध केवल कृष्ण गोयल या केसमधे १९९६ सालीच सुप्रीम कोर्टाने म्हटलं की अलॉटमेंट स्वीकारून काही हप्ते भरून मग अलॉटी स्वतःच मागे फिरला तर प्राधिकरण इसारा जप्त करू शकतं. आणि अगदी अलीकडे, फेब्रुवारी २०२५ मधे, गोदरेज प्रोजेक्ट्सच्या केसमधे फ्लॅट कॅन्सल करणाऱ्याचे २० टक्के कापणं कोर्टाने चालू दिलं नाही पण १० टक्के कापू दिले. ती खासगी बिल्डरची केस आहे, तुमची लीजची, पण कोर्टाचं मन कुठल्या आकड्यापाशी थांबतं त्याचा अंदाज येतो. तर ते १० टक्के गेले असं समजून चाला.

पाण्याच्या लाइनचं म्हणाल, तर तो तुमचा सगळ्यात चांगला मुद्दा होता अन् तुम्हीच तो मारला. संस्थेने कबूल केलेली सोय दिली नाही म्हणून प्लॉट परत केला, असं असतं तर इसाराही मागता आला असता आणि व्याजही. पण तुमच्या अर्जात कारण काय लिहिलंय? 'वैयक्तिक कारणास्तव'. मला माहीत आहे काऊन लिहिलं, खिडकीवरच्या माणसाने सांगितलं असेल की साहेब काही खुसपट काढतात, वैयक्तिक लिहा, लवकर होते. दहापैकी आठ जण हेच लिहितात. आणि पाण्याबद्दल तुम्ही जे काही बोलले ते फोनवर नाहीतर व्हॉट्सअ‍ॅपवर. ते मेसेज असतील तर जपून ठेवा, फोन बदलायच्या आधी एक्सपोर्ट करा, पण केसचा मुख्य खांब त्यावर उभा करू नका, टेकू म्हणून ठीक.

मग उरलं काय? उरलं पुष्कळ.

तो अर्जाचा फोटो पाहा जरा. खाली उजव्या कोपऱ्यात जांभळा गोल शिक्का आहे, अर्धवट उमटलेला, मधे ०६ जून २०२२ आणि बाजूला पेनाने आवक नंबर टाकलेला. आता ताबा पावती पाहा, ऑगस्ट २०१९. तीन वर्षं ऑगस्ट २०२२ ला संपतात. म्हणजे तुम्ही प्लॉट परत करतो म्हणून लिहून दिलं तेव्हा बांधकामाची मुदत संपायला अजून दोन महिने बाकी होते! मग मुदतवाढ शुल्क कशाचं? ज्या माणसाला मुदतच नको, जो म्हणतोय घ्या बाप्पा तुमचा प्लॉट परत, त्याच्या नावावर मुदतवाढ कोणी मागितली? ते २,१०,००० पूर्णच्या पूर्ण त्या काळाचे आहेत जेव्हा तुमचा अर्ज त्यांच्या कपाटात पडून होता, २९ महिने. मला वाटतं तुम्ही हे पाहिलंच नाही, पत्रात तुम्ही सगळी भडास २५ टक्क्यांवर काढली आणि हा आकडा नुसता सांगून पुढे गेले.

ते काय म्हणतील तेही सांगून ठेवते. म्हणतील की नुसता अर्ज म्हणजे सरेंडर नाही, ट्रान्सफर ऑफ प्रॉपर्टी अ‍ॅक्ट, १८८२ च्या कलम १११ प्रमाणे सरेंडरला दोघांची संमती लागते, आम्ही मान्य केलं नोव्हेंबर २०२४ ला, तोपर्यंत प्लॉट तुमच्याच नावावर. मुद्दा अगदीच फालतू नाही. पण त्याला उत्तर दोन आहेत. एक, तुमच्याकडे लीज डीड झालंच नाही, फक्त अ‍ॅग्रीमेंट टू लीज आहे, बांधकाम पूर्ण झाल्यावर लीज होणार होतं, त्यामुळे तुमचा विषय जास्त करून करार कायद्याचा आहे, मालमत्तेच्या कायद्याचा कमी. दोन, स्वतः २९ महिने अर्ज दाबून ठेवायचा आणि त्याच दाबून ठेवलेल्या काळाचं भाडं समोरच्याकडून घ्यायचं, हे कुठल्याच कोर्टाला पटवणं सोपं नाही, त्यातून सरकारी संस्था असली तर तिला संविधानाचं कलम १४ लागू होते, मनमानी करता येत नाही.

आणि ते ३,९०० च्या दराने दुसऱ्याला दिल्याचं जे ऐकलं ते जर खरं असेल, आणि तारीख नोव्हेंबर २०२४ च्या आधीची निघाली, तर मग मजाच आहे. मग ते एकाच प्लॉटसाठी नव्या माणसाकडून प्रीमियम घेत होते अन् तुमच्याकडून मुदतवाढ शुल्क. पण 'ऐकलं' चालत नाही. कागद पाहिजे. त्यावर येते.

आधी २५ टक्के. इथे तुमचा राग बरोबर आहे. अलॉटमेंट लेटरमधे फक्त इसाऱ्याची जप्ती, २५ टक्के कुठेच नाही, तो आकडा २०२३ च्या ठरावातून आला, आणि तुमचा अर्ज २०२२ चा. तुम्ही हात वर केले तेव्हा जो नियम होता तो लागेल, नंतर बदललेला नियम मागच्या तारखेपासून लावायचा असेल तर ठरावात तसं लिहिलेलं पाहिजे आणि लिहिलं असलं तरी करारात नसलेली कपात एकतर्फी घालता येते का हा प्रश्न उरतोच. फरक किती? ४,८०,००० वजा १,९२,०००, म्हणजे २,८८,०००. त्यात मुदतवाढीचे २,१०,००० मिळवा. ४,९८,०००. तुमचं खरं भांडण हे आहे भाऊ, चार लाख अठ्ठ्याण्णव हजारांचं, कापलेल्या सगळ्या सव्वासात लाखांचं नाही. सेवा शुल्काचे ३८,००० आहेत त्यातले जून २०२२ नंतरचे किती ते विचारा, पण त्याच्यासाठी जीव काढू नका.

बरं कराराच्या कायद्यात कलम ७४ आहे, इंडियन काँट्रॅक्ट अ‍ॅक्ट, १८७२. त्याचा साधा अर्थ असा की करार मोडला तर करारात लिहिलेली दंडाची रक्कम ही वरची मर्यादा, त्याच्या आत कोर्ट 'वाजवी भरपाई' देईल. भरपाई म्हटलं की नुकसान आलं. दिल्लीची एक केस तुमच्या वकिलाने मांडलीच पाहिजे, कैलाशनाथ असोसिएट्स विरुद्ध डीडीए (दिल्ली विकास प्राधिकरण), निकाल जानेवारी २०१५. तिथे भिकाजी कामा प्लेसचा प्लॉट १९८२ च्या लिलावात ३ कोटी १२ लाखांना गेला होता, बोली लावणाऱ्याने २५ टक्के म्हणजे ७८ लाख भरले, पुढे मुदतवाढ-मुदतवाढ करत वर्षं गेली, शेवटी डीडीएने अलॉटमेंट रद्द करून ७८ लाख जप्त केले आणि तोच प्लॉट १९९४ मधे परत लिलावात काढला तर आले ११ कोटी ७८ लाख. कोर्टाने विचारलं तुमचं नुकसान काय झालं? झालाच तर फायदा झाला. जप्ती गेली, पैसे परत द्यायला लावले.

आता लगेच सासरेबुवांना हे वाचून दाखवू नका. कारण कैलाशनाथमधे कोर्टाला असंही दिसलं होतं की बोली लावणाऱ्याने करार मोडलाच नव्हता, आणि तुम्ही तर स्वतःहून परत दिला. त्यामुळे इसाऱ्यापुरतं हुडावाली केस तुमच्या आड येते. पण इसाऱ्याच्या वरचे जे १५ टक्के आहेत, ज्याला करारात आधार नाही आणि ज्याला नुकसानही दाखवता येत नाही, तिथे कलम ७४ चा जोर आहे. ८०० मीटर गुणिले ३,९०० म्हणजे ३१ लाख २० हजार. १९.२० ला दिलेली जमीन ३१.२० ला परत विकून कोणाचं नुकसान होतं ते मला तरी समजत नाही.

म्हणून तो दर आणि ती तारीख कागदावर आणा. आरटीआय टाका, १० रुपयांचं कोर्ट फी तिकीट, ३० दिवसांत उत्तर यायला पाहिजे, नाही आलं तर पुढच्या ३० दिवसांत पहिलं अपील. लोक आरटीआयमधे 'माझे पैसे का कापले' असं विचारतात, आणि उत्तर येते 'का' हा माहितीचा भाग नाही. तसं नाही विचारायचं. कागद मागायचा. त्या भूखंडाचं पुन्हा वाटप कोणत्या तारखेला अन् किती दराने झालं, वाटप पत्राची प्रत. नव्या माणसाचं नाव नको म्हणून आधीच लिहा, खोडून द्या, म्हणजे तिसऱ्या व्यक्तीची माहिती म्हणून नाकारायला जागा राहत नाही. २०२३ च्या ठरावाची प्रमाणित प्रत. कपातीचा हिशेब, शीर्षकनिहाय आणि तारीखनिहाय. आणि सगळ्यात महत्त्वाचं, तुमच्या सरेंडर अर्जाच्या फाइलवरच्या सगळ्या टिपण्या. टिपणी म्हणजे बाहेर जाणारं पत्र नाही, आतल्या आत क्लर्क, त्याच्या वरचा, त्याच्या वरचा असे जे एकमेकांना लिहितात ते.

टिपणीत काय सापडेल सांगता येत नाही हो. एकदा एका फाइलमधे, कोणत्या ऑफिसची ते जाऊ द्या, मला अगदी खालच्या लेव्हलच्या एका लिपिकाच्या हाताची दोन ओळींची टिपणी मिळाली होती, वळणदार अक्षर, 'अर्जदाराचा अर्ज मुदतीपूर्वी प्राप्त असल्याने विस्तार शुल्क अनुज्ञेय वाटत नाही, आदेशार्थ सादर'. त्याखाली साहेबाचा एक शब्द, 'चर्चा करावी'. मग चार महिने काहीच नाही. मग टाइप केलेली नवी टिपणी, शुल्कासकट, आणि आधीच्या टिपणीचा उल्लेखच नाही. त्या दोन ओळींनी आमची केस अर्धी जिंकून दिली. त्या लिपिकाला मी कधी भेटले नाही पण अजून आठवते.

आता एक गोष्ट जी तुम्ही विचारलीच नाही अन् जी तुम्हाला बुडवू शकते. तुम्ही लिहिलं 'मी आणि साळ्याने मिळून'. फोटोत पाहिलं तर अलॉटमेंट भागीदारी फर्मच्या नावाने आहे. ती फर्म रजिस्टर केली होती का? नुसतं पार्टनरशिप डीड नोटरी करून, पॅन काढून, बँकेत करंट अकाउंट उघडून लोक समजतात झालं. रजिस्ट्रार ऑफ फर्म्सकडे नोंदणी वेगळी असते आणि पार्टनरशिप अ‍ॅक्ट, १९३२ चं कलम ६९ असं म्हणते की नोंदणी नसलेली फर्म करारातल्या हक्कासाठी बाहेरच्या माणसावर दिवाणी दावाच लावू शकत नाही. दावा लावल्यावर नोंदणी केली तरी तो दावा वाचत नाही, परत नव्याने लावावा लागतो, आणि तोपर्यंत दावा लावायची मुदत उलटली असली तर गेलं सगळं. सरकारी वकिलाला हा मुद्दा सापडला की तो २५ टक्के, १५ टक्के काही बोलत नाही, पहिल्याच तारखेला हाच अर्ज टाकतो. तेव्हा नोंदणी नसेल तर ती आधी करा, आणि तिला लागते दोघांची सही. म्हणजे साळा बोलून राहिला पाहिजे. शिवाय रिफंड येईल तोही फर्मच्या नावाने, आणि फर्मचं खातं पाच वर्षं बंद पडलेलं असेल तर केवायसीला पण दोघंच लागतील.

कुठे जायचं ते सांगते. दिवाणी कोर्ट हा सरळ रस्ता, लांबचा पण सरळ. कोणी म्हणेल रक्कम ३ लाखांच्या वर आहे, जमीन उद्योगाची आहे, कमर्शियल कोर्टात जा, आधी मीडिएशन करा. अंबालाल साराभाईच्या केसमधे २०१९ ला सुप्रीम कोर्टाने सांगितलं की जागा व्यापारासाठी 'प्रत्यक्ष वापरात' पाहिजे, पुढे वापरणार होतो हे पुरत नाही. तुमचा तर रिकामा प्लॉट, बाभळी उगवलेल्या. तेव्हा साधं दिवाणी कोर्ट. आणि दावा लावायच्या आधी त्या संस्थेच्या कायद्यात नोटिशीचं कलम असते, प्रत्येकाचं वेगळं. नासुप्रचा (नागपूर सुधार प्रन्यास) कायदा १९३६ चा, एमआयडीसीचा १९६१ चा, मिहानची जमीन देणारी एमएडीसी (महाराष्ट्र विमानतळ विकास कंपनी) म्हणजे कंपनी, त्यामुळे एकाला लागू होते ते दुसऱ्याला होईलच असं नाही, तुमच्या वकिलाला तुमच्या संस्थेचं कलम काढायला लावा, फॉर्मॅटमधली नोटीस चालवू नका.

ग्राहक आयोग स्वस्त आहे, १० ते २० लाखांच्या व्यवहाराला फी ४०० रुपये, आणि तिथे फर्म नोंदलेली नसली तरी कायद्याच्या व्याख्येत ती बसते. पण समोरचे म्हणतील व्यावसायिक हेतू, उद्योगाचा प्लॉट, तुम्ही ग्राहकच नाही. तुम्ही म्हणाल स्वतःच्या पोटापाण्यासाठी स्वयंरोजगार. पल्पचं युनिट दोघं मिळून स्वतः चालवणार होते हे दाखवणारं काही असेल, प्रोजेक्ट रिपोर्ट, बँकेचा लोनचा अर्ज, तर जमेल, पण त्यावर एक फेरी भांडण होईल हे धरून चाला. तिथली मुदत दोन वर्षं, म्हणजे त्यांच्या पत्रापासून धरली तर ११ नोव्हेंबर २०२६.

हायकोर्ट, म्हणजे आपलं नागपूर खंडपीठ, मुंबईला जायचं काम नाही. रिट, म्हणजे सरकारी संस्थेच्या मनमानीविरुद्ध थेट हायकोर्टात अर्ज, करता येते, करारातून आलेला वाद आहे म्हणून रिट चालतच नाही असं नाही, डिसेंबर २००३ च्या एबीएल इंटरनॅशनलच्या निकालाने ते स्पष्ट आहे. पण तिथे साक्षीपुरावे होत नाहीत. पाण्याची लाइन कधी आली, कोण काय बोललं, असले प्रश्न घेऊन गेले तर सांगतील दिवाणी कोर्टात जा. उलट 'अर्ज जूनमधे, मुदत ऑगस्टपर्यंत, तरी मुदतवाढ शुल्क' आणि 'अर्ज २०२२ चा, ठराव २०२३ चा' हे दोन मुद्दे चार कागद टेबलावर ठेवले की दिसतात. रिट करायची तर फक्त या दोन मुद्द्यांची, दहा पानांची, बाकीची रडारड काढून टाकून. मला विचाराल तर आरटीआयची उत्तरं हातात आली आणि ती चांगली निघाली तर मी रिटकडे झुकेन. नाही निघाली तर दिवाणी दावा.

दावा लावायची मुदत हा विषय मात्र आजच डोक्यात घ्या. पैशाच्या दाव्याला तीन वर्षं. तुमच्या अर्जाच्या तारखेपासून मोजली तर ती जून २०२५ मधेच संपली, आणि ते तसंच मोजतील. तुम्ही मोजायची त्यांच्या पत्रापासून, कारण नकार तेव्हा मिळाला, आणि शिवाय लिमिटेशन अ‍ॅक्टच्या कलम १८ मधे असं आहे की मुदत संपायच्या आत समोरच्याने देणं लेखी कबूल केलं, सहीनिशी, तर मुदत त्या दिवसापासून नव्याने सुरू होते. त्यांनी ११ नोव्हेंबर २०२४ ला सहीनिशी लिहून दिलं की तुमचे पैसे देणं आहे, फक्त आकड्यावर वाद. त्यांना वाटलं तुम्हाला कमी पैशाचं पत्र पाठवलं, खरं तर तुमची मुदत वाढवून दिली. नोव्हेंबर २०२७ पर्यंत. पण ही पळवाट आहे अन् तिच्यावर वाद होईल, म्हणून शेवटच्या महिन्याची वाट पाहू नका.

व्याजाचं पत्रात लिहिलेलं नसलं तरी मागता येते, मागायचंच. अर्जानंतर वाजवी वेळ किती, सहा महिने धरा, त्यानंतरच्या काळाचं मागा. १६,९०,००० वर (म्हणजे इसारा आणि सेवा शुल्क वगळून जे यायला पाहिजे होते त्यावर) ९ टक्क्यांनी वर्षाचे १,५२,१०० होतात. कोर्ट ९ देईल का ६ देईल ते जज साहेबांवर, पण मागितलंच नाही तर शून्य. स्टँप ड्युटीच्या मागे मात्र लागू नका, तिच्या परताव्याला साधारण सहा महिन्यांची मुदत असते, ती तुमची केव्हाच गेली.

मामांना सांगा, तुमचं अर्धं ऐकतोय, मिळतंय ते घेतोय. हेडक्लर्क होते तर टिपणी वाचायला त्यांनाच बसवा, 'चर्चा करावी'चा अर्थ वकिलापेक्षा त्यांना जास्त कळेल.

आणि साळा. फर्मची नोंदणी, बँकेची केवायसी, वकीलपत्र, तिन्हीवर त्याची सही लागते, त्याच्याशिवाय यातलं काहीच हलत नाही. तुम्ही फोन केला तर उचलणार नाही असं दिसतंय. सासरेबुवांना हायकोर्टाचा एवढा उत्साह आहे नं, मग पोरगा त्यांचाच आहे, आधी त्याला घेऊन येत्या रविवारी तुमच्या घरी जेवायला या म्हणा. सावजी करा, कागद जेवण झाल्यावर काढा.